शहरातून शेतावर: नव्या बिऱ्हाडाचं पहिलं वर्ष

वडिलोपार्जित तीन एकर, एक विहीर, कौलं सरकलेली खोली आणि "आता गावीच राहायचं" असा एकमतानं (म्हणजे एकाच्या मतानं) झालेला ठराव. एवढ्या भांडवलावर शेती सुरू करणाऱ्या घरांसाठी हे लिहिलंय. उदाहरण धाराशिव, लातूर, बार्शी या पट्ट्यातलं धरलंय: काळी जमीन, बेभरवशाचा पाऊस, खरिपात सोयाबीन-तूर, रब्बीत ज्वारी-हरभरा. कोकणातल्या किंवा भंडाऱ्याच्या भातवाल्यांनी जनावरांचा आणि माणसांचा भाग वाचावा, बाकीचं त्यांना लागू नाही.

नव्या माणसाचं नुकसान अज्ञानानं कमी आणि घाईनं जास्त होतं. शेजारचे आबा सकाळभर बांधावर बसलेले दिसतात, ते आळशी म्हणून नाही. ते घात (म्हणजे मशागतीला, पेरणीला रान योग्य झालंय का ते) बघत असतात. तुम्ही त्याच वेळी ट्रॅक्टर बोलावलेला असतो.

आधी कागद

सातबारा आणि आठ-अ (एका खातेदाराच्या गावातल्या सगळ्या जमिनीचा उतारा) काढा. सातबाऱ्यात दोन नमुने असतात: गाव नमुना 7 मध्ये जमीन कोणाची ते, 12 मध्ये तिच्यात काय पिकलं ते. क्षेत्र हेक्टर-आरमध्ये लिहितात, त्यामुळे तीन एकर म्हणजे तिथे 1.21 दिसेल. आकडा बघून "पावणेदोन एकर कुठे गेली" म्हणून भावकीवर घसरायचं नाही. एक एकर म्हणजे 40 गुंठे, एक गुंठा म्हणजे 33 बाय 33 फूट, 1089 चौरस फूट. हे पाठच असू द्या, गावात सगळं गुंठ्यात बोलतात.

उताऱ्यावर अजून आजोबांचं नाव असेल तर वारस नोंदीचा अर्ज तलाठ्याकडे द्या (त्यांच्या पाटीवर हल्ली ग्राम महसूल अधिकारी लिहिलेलं असतं, हाक अजून तलाठीच). फेरफार (नाव बदलाची नोंद) धरला की हरकतीसाठी 15 दिवसांची नोटीस निघते. 'इतर हक्क' हा रकाना वाचल्याशिवाय उतारा घडी घालू नका. सोसायटीचं जुनं कर्ज, विहिरीतला सामाईक हिस्सा, आत्याचं नाव, सगळं तिथेच लपलेलं असतं. विहिरीत हिस्सा असेल तर पाण्याच्या पाळीचे वार आधी ठरवून घ्या, भांडण मार्चमध्येच होतं.

ज्यांच्याकडे वडिलोपार्जित काहीच नाही आणि जे शेत विकत घ्यायला निघालेत, त्यांच्यासाठी एक वाक्य: महाराष्ट्रात शेतकरी नसलेल्याला परवानगीशिवाय शेतजमीन घेता येत नाही, 1948 च्या कूळकायद्याचं कलम 63 बघा आणि मगच इसार द्या.

हद्द तुम्हाला माहीत आहे असं समजू नका. मोजणीचा अर्ज भूमी अभिलेख कार्यालयात होतो. मोजणी होईपर्यंत बांधाला हात लावायचा नाही. बांधावरचं गवत काढताना फावड्याचा एक घाव जास्त बसला तरी तो "बांध कोरला" म्हणून संध्याकाळपर्यंत पारावर पोचतो.

घरातली खाती

हा भाग कोणत्याच कृषी पुस्तिकेत नसतो आणि सगळ्यात आधी हाच बिघडतो. एका गड्याला दोन माणसांनी दोन कामं सांगितली की तो तिसरंच करतो. म्हणून खाती वाटा. शेतातल्या कामाचा शब्द एकाचाच. पैसा आणि वही दुसऱ्याकडे, आणि शब्द ज्याचा त्याच्याकडे वही अजिबात नको. जनावरांना रोज जो वैरण टाकणार, त्यालाच त्यांच्याबद्दल मत असेल. आजोबांना हवामान खातं द्या, ते त्यांनी आधीच घेतलेलं असतं.

हवामानावरून घरात दोन पक्ष पडतात. एक पंचांगवाला: मृग लागलं, वाहन अमुक आहे, पाऊस पडणार. दुसरा मोबाइलवाला. पंचांगाला हसू नका. सूर्याचा मृग नक्षत्रातला प्रवेश 7-8 जूनच्या सुमारास होतो आणि गावातला सगळा कामाचा हिशेब नक्षत्रांवर चालतो. "आर्द्रात कोळपायला ये" असं सांगितलं तर 22 जूनच्या पुढचा तो पंधरवडा कळला पाहिजे. पण वाहन बेडूक आहे म्हणून बी मातीत घालू नका. हवामान विभागाचा कृषी सल्ला मंगळवारी आणि शुक्रवारी येतो, मेघदूत ॲपवर तालुका निवडला की दिसतो. विजेसाठी दामिनी ॲप आजोबांच्याही फोनमध्ये टाका.

तिसरा पक्ष डब्याचा, आणि तो सर्वांत खरा. सरळ भिंतीचा एक रिकामा डबा मोकळ्या जागी ठेवा, झाडाखाली किंवा पागोळ्याखाली नाही. सकाळी आत फूटपट्टी बुडवा. पाणी जितके मिलिमीटर उंच, तितका पाऊस. खाली निमुळती बादली चालत नाही, ती खोटं बोलते. डब्यावर "पावसाचा" असं रंगानं लिहून ठेवा, नाहीतर आठवड्याभरात त्यात चिवडा भरलेला सापडतो.

एप्रिल-मे: माती

मातीचा नमुना पेरणीआधी, शेत रिकामं असताना घ्यायचा. शेतात नागमोडी चालत आठ-दहा जागा निवडा. बांध, झाड, उकिरडा, विहिरीची कड टाळा. प्रत्येक ठिकाणी इंग्रजी व्ही अक्षरासारखा 20 ते 22 सेंटीमीटर खोल खड्डा घेऊन त्याच्या कडेची बोटभर जाडीची माती वरपासून खालपर्यंत खरवडा. सगळी घमेल्यात कालवा, पसरा, चार भाग करा, समोरासमोरचे दोन फेकून द्या. असं करत अर्धा किलो उरवा, सावलीत वाळवा आणि कापडी पिशवीत भरा. खताच्या रिकाम्या गोणीवर माती पसरली तर अहवालात तुमची जमीन जिल्ह्यात सर्वांत श्रीमंत निघते. शेताचा एक तुकडा काळा आणि एक मुरमाड असेल तर दोन वेगळे नमुने.

अहवाल आला की सामू (पीएच), क्षारता आणि सेंद्रिय कर्ब आधी बघा. काळ्या जमिनीचा सामू 8 च्या आसपास निघाला तर दचकायचं कारण नाही. मात्र अशा जमिनीत जुलैत सोयाबीनचं पान पिवळं आणि शिरा हिरव्या दिसल्या, तर ती लोहाची कमतरता असते. युरिया टाकून ती जात नाही.

पहिल्या वर्षीची वाटणी साधी ठेवा: दोन एकर सोयाबीन-तूर, त्यातलं सोयाबीन निघालं की मोकळ्या पट्ट्यांत हरभरा. उरलेलं एक एकर रब्बी ज्वारीला राखा, कारण भाकरी आणि कडबा दोन्ही तीच देते. विहिरीजवळ दोन गुंठे भाजी. डाळिंब, ड्रॅगन फ्रूट, चंदन आणि मोत्यांची शेती यांचे व्हिडिओ वर्षभर बघायला हरकत नाही.

पेरणी

घरात सर्वांत मोठं भांडण इथे होतं. पहिला पाऊस पडतो, मातीचा वास येतो, शेजारच्या शिवारात कोणीतरी पाभर (पेरणीचं अवजार) जुंपतो आणि घरातली सगळी माणसं शेतातला शब्द ज्याचा त्याच्याकडे बघायला लागतात. त्यानं डब्याकडे बघावं. बेरीज 75 ते 100 मिलिमीटर होईपर्यंत पेरायचं नाही. वरची दोन बोटं माती ओली झाली की बी उगवतं, मग आठ दिवस ऊन पडतं आणि खालच्या कोरड्या मातीत मूळ वाळतं. त्यालाच दुबार पेरणी म्हणतात. बियाणं, पेरणी आणि खत तिन्हींचे पैसे दुसऱ्यांदा जातात.

वाफसा (पेरणीजोगी, ना चिखल ना कोरडी अशी ओल) आला की नाही ते हातानं कळतं. चार-सहा बोटं खालची माती उचला, मुठीत दाबून लाडू वळा आणि छातीच्या उंचीवरून सोडा. फुटून भुगा झाला तर वाफसा. चपटा होऊन तसाच राहिला तर घरी जाऊन चहा प्या. काळ्या रानात ओल्यात रोटाव्हेटर घातला की जी ढेकळं पडतात, ती दिवाळीपर्यंत तुमच्याकडे बघत राहतात आणि खाली घट्ट थर बसतो तो वेगळाच.

सोयाबीन सरळ (म्हणजे संकरित नसलेल्या) वाणाचं असेल तर घरचं किंवा गावातलं बी चालतं, दर वर्षी पिशवी विकत आणायची गरज नाही. पण उगवण तपासलीच पाहिजे. शंभर दाणे न निवडता मोजा (चांगले चांगले वेचले तर फसवणूक स्वतःचीच), ओल्या गोणपाटावर दहा दहाच्या ओळीत मांडा, वर दुसरं ओलं गोणपाट घाला, गुंडाळी करून सावलीत ठेवा, रोज पाणी शिंपडा. सहाव्या दिवशी निरोगी मोड आलेले मोजा. 70 किंवा जास्त आले तर एकरी 30 किलो बी. 60 आले तर 35 किलो. त्याहून बरेच खाली गेले तर ते बी तेल मिलला. मुलांना हे काम द्या, शाळेत प्रकल्प म्हणूनही खपतं.

सोयाबीनच्या बियाचं टरफल फार पातळ असतं. पोतं टेम्पोतून धपकन टाकलं, त्यावर कोणी बसून विडी ओढली, की आतला कोंब मोडतो आणि दाणा वरून अगदी छान दिसतो. पोती उचलून ठेवायची, सात-आठच्या वर थप्पी नाही.

बीजप्रक्रियेचा क्रम चुकू नये: आधी बुरशीनाशक, मग कीटकनाशक, शेवटी जिवाणू. कार्बोक्झिन-थायरम हे मिश्र बुरशीनाशक असेल तर किलोला 3 ग्रॅम. ते सुकलं की पेरणीच्या आधी थोडा वेळ रायझोबियम आणि पीएसबी (नत्राचे आणि स्फुरदाचे जिवाणू), दोन्ही 10 किलो बियाला 250 ग्रॅम प्रत्येकी, गुळाच्या थंड पाण्यात कालवून. ताडपत्रीवर पसरून हलक्या हातानं फिरवा. पीठ मळल्यासारखं मळलं तर टरफलं सोलून निघतात. उन्हात वाळत घातलं तर जिवाणू मरतात आणि तुम्ही बियाला फक्त गूळ लावलेला असतो.

दोन ओळींत 45 सेंटीमीटर, बी 3 ते 4 सेंटीमीटर खोल. चार ओळी सोयाबीन, दोन ओळी तूर. पेरताना पाभरीच्या मागे चालत जा आणि दर वीस-पंचवीस पावलांवर एका ठिकाणी बोटानं माती उकरून बघा. बोटाच्या दुसऱ्या पेरापेक्षा खाली बी सापडलं तर थांबवा. ट्रॅक्टरवाला म्हणेल, "काय नाय होत." होतं. खोल पडलेल्या सोयाबीनचा कोंब वर येताना मान मोडतो, आणि मग एक पाऊस पडून माती वर पापडली की उगवतच नाही.

खत एकरी: डीएपीची एक गोणी आणि 20 किलो पोटॅश. किंवा सिंगल सुपर फॉस्फेटच्या तीन गोण्या, 26 किलो युरिया आणि तेवढंच पोटॅश. दुसऱ्या पद्धतीत गंधक आपोआप मिळतं, तेलबियांना ते हवंच असतं, म्हणून वाहायला जड असली तरी तीच बरी. खत बियाच्या खाली आणि बाजूला पडावं, बियात मिसळून नाही.

तण आणि फवारा

पहिले तीस-चाळीस दिवस तणाचे. पहिली कोळपणी (कोळपं चालवून ओळींमधलं तण काढणं) 15-20 दिवसांनी, दुसरी 30-35 दिवसांनी, एक खुरपणी मध्ये. फूल लागलं की कोळपं बंद, मुळं तुटतात आणि फुलं झडतात. खुरपायला घरची माणसं उतरणार असतील तर आधी अर्धा तास कोणत्या रोपाला काय म्हणतात ते मावशींकडून शिकून घ्या. तुरीची रोपं तण समजून उपटणं हा नव्या सुनेचा प्रमाद मानतात, प्रत्यक्षात तो मुलग्याकडून जास्त घडतो.

तणनाशकाचा पंप वेगळा ठेवा आणि त्याला लाल रंगाचा पट्टा मारा. तोच पंप नुसता विसळून कीटकनाशकाला वापरला की चार दिवसांत सोयाबीनची पानं वाकडी होतात आणि दुकानदाराशी भांडायला काही उरत नाही. मात्रा एकरी लिहिली आहे, लिटरला की पंपाला, ते बाटलीवरच्या घडीपत्रकात वाचा. एकराला 200 लिटर पाणी धरलं तर 15 लिटरचे तेरा पंप होतात. बाटलीवरचा त्रिकोण लाल असेल तर ते सर्वांत जहाल, मग पिवळा, निळा, हिरवा. पूर्ण बाह्या, हातमोजे, तोंडाला मास्क, वाऱ्याच्या दिशेनं चालायचं. मध्ये तंबाखू नाही. ते कपडे घरच्या कपड्यांत भिजत घालायचे नाहीत.

शेतात उभं राहून पिकाचा फोटो घ्या, सरकारी ई-पीक पाहणी ॲपवर पिकाची नोंद करण्यासाठी. ही सोय 15 ऑगस्ट 2021 पासून आहे आणि नोंद करायची राहून गेली की विमा, हमीभावाची खरेदी, नुकसानभरपाई सगळीकडे "तुमच्या शेतात काहीच नव्हतं" असं उत्तर मिळतं. दिलेल्या मुदतीत, स्वतःच्या गटात उभं राहून. घरच्या ओट्यावरून ॲप स्वीकारत नाही, ते लगेच अंतर दाखवतं.

मोटर, आणि दारं धरणं

थ्री फेज लाइट आठवडा दिवसा, आठवडा रात्री अशी येते. रात्रीची पाळी असेल तर गुडघ्यापर्यंतचे बूट, हातात बॅटरी आणि काठी, आणि घरात कोणाला तरी सांगून जाणं. साप चावला तर बांधायचं नाही, कापायचं नाही, चोखायचं नाही. अंग हलू न देता 108 बोलवा किंवा मिळेल त्या गाडीनं जवळच्या ग्रामीण रुग्णालयात न्या. मांत्रिकाचा पत्ता विचारायला थांबू नका.

स्टार्टर दाबला आणि मोटर नुसती गुणगुणली, फिरली नाही, तर एक फेज गेलेली आहे. लगेच बंद करा. दहा मिनिटं तशीच ठेवली की वाइंडिंग जळतं. मोटर फिरते पण पाणी येत नाही, तर पंपात हवा आहे किंवा फूटव्हॉल्व्हमध्ये पालापाचोळा अडकलाय. वरच्या फनेलातून पाणी भरत राहा, बुडबुडे थांबले की मगच चालू करा. वाइंडिंग करून आणलेली मोटर पाणी फेकते पण जोर नाही, तर उलटी फिरतेय. तीनपैकी कोणत्याही दोन वायरी अदलाबदल केल्या की सरळ होते, पण हे काम वायरमनचं. फ्यूज टाकायला डीपीवर (विजेच्या ट्रान्सफॉर्मरवर) चढणारा गावात एक शूर माणूस असतोच. तो तुमच्या घरातला नसावा.

आता दारं धरणं. पहिल्या दिवशी कोणी "आज दारं धरायला चला" म्हणालं की शहरातला जावई घराच्या दाराकडे जातो. पाटातलं पाणी एका सरीतून दुसऱ्या सरीत वळवायचं, पहिल्या सरीच्या तोंडावर मातीचा बांध घालायचा, दुसरीचं तोंड उघडायचं, हे दारं धरणं. हत्यार एकच, खोरं. पाणी सरीच्या शेवटी पोचेपर्यंत थांबलात तर चुकलात. पाऊण सरी भिजली की दार मोडायचं, उरलेली पाव सरी वाटेतलं पाणी आपल्या ओघानं भिजवतं. नाहीतर शेवटी तळं साचतं, आणि ते तळं बहुतेक वेळा शेजाऱ्याच्या रानात असतं. दार घालताना माती सरीच्या आतून ओढू नका, वरंब्याच्या खांद्यावरून घ्या. ओली चिखलमाती दोन खोरी टाकून वर पायानं एकदा दाबायची. नुसतं खोऱ्यानं थापटलं तर पाठ फिरवताच फुटतं.

जनावरं: कमी घ्या, उशिरा घ्या

गाय हवीच असते, मुलांना वासरू हवं असतं. हिशेब असा: एका गाईला दिवसाला पाच-सहा किलो सुका चारा म्हणजे वर्षाला दोन टनांच्या आसपास, आणि हिरवा पंधरा-वीस किलो रोज. कडब्याची गंज लागेपर्यंत म्हणजे फेब्रुवारीपर्यंत गाय नको. तोवर दोन उस्मानाबादी शेळ्या आणि पाच-सहा गावरान कोंबड्या.

शेळीला छपराखाली 10-12 चौरस फूट आणि बाहेर त्याच्या दुप्पट मोकळी जागा लागते. जमीन कोरडी हवी, बाकी ती काहीही सोसते. पावसाळ्याआधी आंत्रविषार आणि पीपीआरची लस. गाभण काळ 150 दिवस. धान्याची कोठी मात्र कडीकोयंड्यात. शेळीनं पोतं फोडून पोटभर ज्वारी खाल्ली तर पोट फुगतं, ती आडवी होते आणि "खाल्लं बिचारीनं" म्हणेपर्यंत हातची जाते. अशा वेळी लगेच 1962 वर फिरत्या पशुवैद्यकीय पथकाला फोन करा.

कोंबडी खुडूक झाली, म्हणजे खुराड्यात फुगून बसली आणि जवळ गेलं की गुरगुरली, तर ती आजारी नाही. तिला उबवायचंय. दहा-बारा अंडी खाली ठेवा. सातव्या रात्री अंधारात अंड्यामागे बॅटरी धरा. कोळ्याच्या जाळ्यासारख्या लाल शिरा दिसल्या तर पिल्लू आहे, नुसतं पिवळं दिसलं तर बाजूला काढा. एकविसाव्या दिवशी पिल्लं. हे अंडं फोडून मदत करायची हौस घरातल्या कोणालाही करू देऊ नका.

गाय आलीच, तर धार काढायला एकच माणूस ठरवा. गाईला ओळखीचा हात, ओळखीचा वास आणि ठरलेली वेळ लागते. कास कोमट पाण्यानं धुतली, वासरानं दोन ओढ घेतले की मिनिटाभरात पान्हा सुटतो. आणि तो पाच-सात मिनिटंच टिकतो. एवढ्यात धार संपवायची. समोर चार जण मोबाइल धरून उभे, कोणीतरी "हाऊ क्यूट" म्हणतंय, अशा वेळी गाय घाबरते आणि पान्हा चोरते. कास भरलेली, सड रिकामे. गाईला मारून ओरडून काही उपयोग नाही, गर्दी बाहेर काढा आणि पाच मिनिटं शांत बसा.

पहिल्या दोन-तीन धारा वेगळ्या वाटीत काढून टाका, त्यात गाठी किंवा रक्ताची लाली दिसली तर दगडी (कासेचा आजार), डॉक्टर बोलवा. सड पूर्ण मुठीत धरून वरून खाली एक एक बोट मिटत जायचं. अंगठा मुडपून त्याच्या सांध्यानं ओढणारे फार आहेत, त्यानं सडाला इजा होते. शेवटची धार सोडू नका, साय त्यातच जास्त असते. धार झाल्यावर पुढ्यात वैरण टाका, म्हणजे अर्धा तास ती उभी राहील. सडाची भोकं तेवढा वेळ उघडी असतात आणि लगेच शेणात बसली की दगडीला आमंत्रण.

माणसं

मजूर रोजानं लावायचे की उक्तं (सगळ्या कामाची एकच रक्कम ठरवून) द्यायचं, हे कामावर ठरतं. कापणी, मळणी उक्ती चालते. खुरपणी उक्ती दिली की तण वरून कापलं जातं आणि मुळं तिथेच राहतात. दर आधी विचारा, गावात जो चालू आहे तोच द्या. शहरी उदारपणानं पन्नास रुपये जास्त दिले तर मजूर खूश होतात आणि शिवारातले बाकी सगळे तुमच्याशी बोलणं सोडतात. अकराचा आणि चारचा चहा वेळेवर. बेंदूर किंवा पोळा ज्या दिवशी गावात असेल त्या दिवशी बैलाला औत लावायचं नाही आणि कोणाला कामाला बोलवायचंही नाही.

पैसे कमी असतील तर सावड करा: आज तुमच्या रानात त्यांची दोन माणसं, परवा त्यांच्या रानात तुमची दोन. त्या दोघांत शेतातला शब्द ज्याचा तो स्वतः असलाच पाहिजे. गडी पाठवून सावड फेडता येत नाही, लोक लक्षात ठेवतात. कोणाचं हत्यार आणलं तर धुऊन, धार लावून परत करा. सल्ला विचारायला आबांकडे जा, पण एकाच हंगामात तीन आबांना विचारू नका. तिघं तीन सांगतात, आणि ज्याचं ऐकलं नाही तो पीक जाईपर्यंत रोज येऊन बघतो.

काढणी आणि विक्री

सोयाबीनचं पान गळून नव्वद टक्के शेंगा तांबूस झाल्या की कापा. "अजून आठ दिवस वाळू दे" म्हटलं की शेंगा रानातच तडकतात. गंजीवर ताडपत्री हवीच, हस्ताचा पाऊस सांगून येत नाही. बियासाठी ठेवायचं असेल तर मळणी यंत्राचे फेरे 300-400 च्या आत ठेवायला सांगा. मालकाला घाई असते, तो वाढवतो, आणि पुढच्या जूनमध्ये गोणपाटावर शंभरातले चाळीसच उगवतात. आडतीवर ओलाव्याचं यंत्र लावतात, 12 टक्क्यांच्या वर गेलं की भाव तुटतो. दाणा दातानं फोडून बघा: कट्ट आवाज येऊन दोन तुकडे झाले तर वाळलाय, दबला तर अजून दोन उन्हं द्या. 2025-26 साठी हमीभाव क्विंटलला 5,328 रुपये ठरला होता, आडतीवर जाण्याआधी चालू हंगामाचा आकडा माहीत असावा.

ज्वारी 15 सप्टेंबर ते 15 ऑक्टोबरमध्ये पेरतात, मालदांडी एकरी 4 किलो, काणी रोगासाठी किलोला 4 ग्रॅम गंधक. दाणे भरले की पाखरं येतात. गोफण मुलांना शिकवा, पण आधी कौलांपासून लांब नेऊन.

वेळ अमावस्या

मार्गशीर्षातल्या अमावस्येला या भागात गावं ओस पडतात, सगळे शेतात असतात. तुमच्याही शेतात लोक येणार, बोलावलं असो वा नसो. कडब्याच्या पाच पेंढ्यांची कोप (खोपी) उभी करा, आत पाच दगड चुन्यानं रंगवून पांडव म्हणून मांडा. भज्जीला तुरीचे आणि हरभऱ्याचे ओले दाणे, वाटाणा, वाल, शेंगदाणे, पातीचा कांदा आणि वर डाळीचं पीठ. बाजरीचे उंडे. ज्वारीच्या पिठाची आंबील आदल्या दिवशीच माठात आंबवत ठेवावी लागते, सकाळी उठून होत नाही. आणि ताक शेजारून अंदाजाच्या दुप्पट मागून ठेवा. आंबील दोनला संपते, शेवटचे पाहुणे तीनला येतात.